एकेचाळीस डुलक्या

माझे आजोबा लक्ष्मीकांत हजरनीस यांनी छत्तीस वर्षं इंदूरच्या एका शाळेत गणित शिकवलं आणि गणितापेक्षा मन लावून हजेरी घेतली. आमच्या छत्रीबागेतला पन्नाशीचा कुठलाही माणूस त्यांना रस्त्यात दिसला की आजही आधी "यस सर" म्हणतो, नमस्कार मागून येतो.

आडनावाची गोष्ट आधीच सांगून टाकते, कारण पुढचा सगळा घोळ तिथूनच सुरू होतो. हजरनीस म्हणजे हजेरी लिहिणारा. आजोबांचे आजोबा होळकरांच्या दरबारात हेच काम करायचे. कोण आलं, कोण नाही आलं, कोण उशिरा येऊन खांबाआड उभं राहिलं, सगळं लिहायचं. घरात चालत आलेली गोष्ट अशी, की एकदा भर उन्हाळ्यातल्या दरबारात, गवई रंगात आलेला असताना, त्यांचा स्वतःचाच डोळा लागला. जाग आली तेव्हा त्यांनी इकडेतिकडे बघितलं. कुणाच्या लक्षात आलं नव्हतं. त्यांनी बोरू दौतीत बुडवला आणि लिहिलं, "हजेरीनवीस, एक घटका गैरहजर."

ही गोष्ट मी वर्षातून चारदा तरी ऐकते. "गैरहजर" म्हणताना आजोबांचा आवाज आरतीनंतरच्या मंत्रपुष्पांजलीसारखा खोल जातो. तो मला हुबेहूब काढता येतो. आजी मात्र दर वेळी स्वयंपाकघरातून म्हणते, "आणि घरी आल्यावर बायको काय बोलली, ते कुणी लिहून ठेवलं नाही."

अशा माणसाच्या घरी गेल्या वर्षी मार्चमध्ये डबी आली.

डबी म्हणजे टीव्हीखाली बसवायचं एक छोटं काळं यंत्र, सोबत एक जाडजूड रिमोट. कंपनीच्या माणसानं ती बसवली आणि घोटून पाठ केलेलं भाषण केलं. "सर, लोक टीव्हीवर काय बघतात ते मोजायला आम्ही निवडक घरांत हे लावतो. तुमचं एक घर म्हणजे समजा बारा हजार घरं. दोन अटी. एक, कुणाला सांगायचं नाही. दोन, रोज जसं बघता तसंच बघायचं."

आजोबांनी विचारलं, "नेमणुकीचं पत्र?"

"पत्र नसतं सर. फॉर्म असतो."

आजोबा उठले, हात धुऊन आले आणि त्यांनी उभ्यानंच फॉर्मवर सही केली. बारा हजार घरं! त्या दिवसापासून ते टीव्हीसमोर बनियनवर बसले नाहीत.

रिमोटवर घरातल्या प्रत्येकाचं एक बटण होतं. एक नंबर आजोबा, दोन आजी, तीन बाबा, चार आई, पाच मी. टीव्हीसमोर बसलं की दाबायचं, उठलं की पुन्हा दाबायचं. शिवाय पाहुण्यांसाठी एक बटण. ते दाबलं की यंत्र विचारायचं: पाहुणा पुरुष की स्त्री? वय किती?

आता आमच्या गल्लीत सोळा घरं आणि एकोणीस टीव्ही. सगळे मोठ्यानं. शाळेतून येताना गल्लीच्या तोंडाशी "इस वक्त की सबसे बड़ी खबर" ऐकू येतं, चार पावलांवर "घुटनों का दर्द", त्याच्यापुढे "ये शादी नहीं हो सकती!" आणि आमच्या दाराशी पोचेपर्यंत बातमी तयार होते, की घुटने दुखल्यामुळे शादी मोडली, आणि ही सबसे बड़ी खबर आहे. घरातही तेच. दोडके संपले तर आजी "आत्ता हाती आलेल्या बातमीनुसार दोडके संपले आहेत" असं जाहीर करते. बाबांना काही विचारलं तर ते "ब्रेकनंतर" म्हणतात, आणि त्यांचा ब्रेक जेवणापर्यंत चालतो. म्हणजे टीव्ही आमच्याकडे कुणी बघत नव्हतं. तो पंख्यासारखा चालू असायचा. डबी आली आणि पहिल्यांदा आम्हाला टीव्ही बघावा लागला.

सगळ्यात जास्त त्रास आजोबांना झाला. "रोज जसं बघता तसं" म्हणजे नेमकं कसं, हेच त्यांना आठवेना. हातात रिमोट घेऊन बसायचे. "मला आत्ता बातम्या बघाव्याशा वाटताहेत, का बारा हजार घरांचा मास्तर म्हणून त्या बघायला हव्यात असं वाटतंय?" पहिल्या दिवशी याचा निकाल लागेपर्यंत चाळीस मिनिटं गेली. तेवढा वेळ टीव्ही बंद होता आणि आम्ही पाच जण त्याच्यासमोर नीट बसलो होतो.

मग नियम झाले. पाणी प्यायला उठलीस? बटण. दारावर भाजीवाला? बटण. बाबा फोनवर बोलत खिडकीकडे वळले की आजोबा तीन नंबर दाबून त्यांना बाहेर काढायचे. बाबा म्हणायचे, "अहो, मी इथेच तर आहे."

"शरीरानं," आजोबा म्हणायचे.

एका दुपारी शेजारच्या अमिताकाकू विरजण मागायला आल्या. आजी आत गेली आणि काकू उभ्या उभ्या टीव्ही बघायला लागल्या. आजोबा बेचैन झाले. पाच सेकंद, दहा सेकंद. बघताहेत तर नोंद हवी. नोंद करायची तर वय हवं. आणि कारण सांगायची तर मनाई.

"अमिताताई," आजोबा अगदी अदबीनं म्हणाले, "आपलं वय काय?"

काकू दचकल्या. "माझं? का हो मास्तरसाहेब?"

"सांगता येणार नाही. पण खरं सांगा."

काकूंनी विरजणाची वाटी घेतली नाही, वयही सांगितलं नाही. संध्याकाळपर्यंत गल्लीत झालं, की चौऱ्याहत्तराव्या वर्षी मास्तरांचं चित्त ठिकाणावर नाही. आजोबांनी मात्र "स्त्री, अंदाजे बावन्न" अशी नोंद केली आणि दोन दिवस त्या "अंदाजे"साठी हळहळले.

पण आमच्या घरचा खरा पेच होता बटण नंबर दोन. माझी आजी, कुमुदिनीबाई.

आजी रोज दुपारी दोन ते चार मालिका बघते. मालिकेत तेव्हा तीन महिने एकच लग्न चाललं होतं. पंखा फिरतोय, पोटात जेवण आहे, नवरीच्या मागे सनई वाजतेय. सनई लागली की आजीची मान हळूहळू खाली येते. मग सासू दारात येते, ढगांसारखा आवाज होतो, धडाम! धडाम! धडाम! तीन वेळा, तीन बाजूंनी सासूचं तोंड. आजी ताठ. "काय मेली दुष्ट आहे!" म्हणते. पुन्हा सनई, पुन्हा मान.

आजोबांनी हा प्रश्न दोन दिवस घोळवला. झोपलेला माणूस प्रेक्षक आहे का? तिसऱ्या दिवशी निकाल दिला: नाही. वर्गात झोपलेल्या मुलाला त्यांनी कधी हजर मानलं नव्हतं.

"मी झोपत नाही," आजी म्हणाली. "डोळे मिटून ऐकते."

"घोरत ऐकतेस?"

"ते घोरणं नाही हो. हुंकार आहे. गोष्ट ऐकताना हुंकार द्यावा लागतो, नाहीतर सांगणारा थांबतो."

"टीव्हीवाला कुठे थांबतोय!"

"मी हुंकार देते ना, म्हणून."

आजोबांनी वाद घातला नाही. ते आजीच्या शेजारच्या खुर्चीत बसले आणि काम सुरू केलं. मान खाली, बटण दोन, बाहेर. धडाम, बटण दोन, आत. सनई, बाहेर. धडाम, आत. दोन तास. डोळ्यांत तेल घालून. मे महिन्यातल्या एका गुरुवारी, लग्नात पोलीस आले त्या दिवशी, आजी एकेचाळीस वेळा झोपली आणि एकेचाळीस वेळा उठली. आजोबा त्या दिवशी चहा पिताना इतके समाधानी होते, की जणू सगळ्या वर्गाला शंभरपैकी शंभर पडले होते.

आणि मग शाम भिया आला.

शाम हा आजोबांचा जुना विद्यार्थी; भिया म्हणजे इंदुरी भैया. आता तो गल्लीबोळातल्या बातम्या देणाऱ्या एका छोट्या चॅनेलसाठी पळापळ करतो. अमिताकाकूंची कहाणी त्याच्या कानावर गेली होती. वय विचारणारा म्हातारा, सांगता न येणारं कारण. त्यानं दोन अधिक दोन केले. आला, पाया पडला, टीव्हीखाली वाकून डबी बघितली आणि हसला.

"सर, आपने तो बताया नी! बस एक काम करो. अपना चैनल लगा के छोड़ दो. देखना भी नी है."

"बघायचं नाही? मग बटण कसं दाबू?"

"अरे सर, क्या बात कर रिये हो! बटन दबा दो, आप आराम करो. और देखो, आपका इंटरव्यू चलाऊँगा. पूरा आधा घंटा. 'इंदौर के गौरव.' पीछे राजवाड़े का फोटो रहेगा."

आतून आजीनं डोकं काढलं. राजवाड्याच्या फोटोसमोर बसलेले आजोबा तिला क्षणभर दिसले असावेत. आजोबांनाही दिसले असतील, कारण ते जरा थांबले. मग म्हणाले, "शाम. दहावी ब. तिसरा बाक. तुकोजी पवार सिनेमाला जायचा आणि त्याच्या नंबरावर तू आवाज बदलून 'यस सर' म्हणायचास."

शाम भिया चाळीशीचा माणूस. चेहरा एकदम दहावी ब झाला. "आपको मालूम था?"

"पहिल्याच दिवशी. तुकोजीची गैरहजेरीच लावत होतो मी. आताही तेच करणार. जा, चहा घेऊन जा."

शाम चहा पिऊन गेला. तो बावीस मिनिटं टीव्हीसमोर बसला होता, म्हणून आजोबांनी त्याचीही नोंद केली. पुरुष, एकेचाळीस. याचं वय शाळेच्या दाखल्यावरून पाठ होतं, अंदाजाची गरज पडली नाही.

दुसरा कुणी असता तर विषय तिथे संपवला असता. आजोबांनी कंपनीला पत्र लिहिलं. मलाच ते टाईप करायला लावलं, म्हणून शब्दन् शब्द पाठ आहे. "महोदय, काल दुपारी एका इसमाने आमच्या हातून खोटी नोंद करवून घेण्याचा प्रयत्न केला. प्रयत्न फसला. इसम माझाच विद्यार्थी असल्याने अर्धा दोष माझा. त्याचे नाव मी देत नाही. ते त्याने स्वतः द्यावे असे त्यास बजावले आहे. कळावे."

या पत्रामुळे कंपनीनं आमच्या घराच्या नोंदी पहिल्यांदा उघडून बघितल्या. आणि जूनमध्ये मुंबईहून देवांश आला.

देवांश एकोणतीस वर्षांचा, इस्त्रीचा शर्ट, मांडीवर टॅब्लेट. मराठी बोलायचा, पण एका वाक्यात दोन तरी इंग्रजी खांब रोवल्याशिवाय त्याचं वाक्य उभं राहायचं नाही. सकाळी अकराला बसला आणि म्हणाला, "सर, तुमचं लेटर आलं म्हणून आम्ही डेटा ओपन केला. आणि सर, सॉरी टू से, डेटा व्हेरी अबनॉर्मल आहे."

"म्हणजे?"

"हे बघा. बटण दोन. फीमेल, एकाहत्तर. एका दुपारी एकेचाळीस वेळा आउट, एकेचाळीस वेळा इन. सर, मशीन बिघडलं तरी असं होत नाही, आणि माणूस तर असं करतच नाही. हे तेव्हाच होतं जेव्हा कुणीतरी बटणांशी खेळतंय. त्यात तुमच्याकडे चॅनेलचा माणूस येऊन गेलेला."

"ते मीच तर कळवलं."

"येस सर. पण वरचे म्हणतात, चोर पण आधी स्वतःच ओरडतो. प्रूव्ह नाही झालं तर तुमचं घर एका लिस्टमध्ये जाईल. 'अविश्वसनीय घरं.'"

आजोबांनी चष्मा काढला. पुसला नाही, नुसता हातात धरून बसले. "अविश्वसनीय," ते म्हणाले. वर्गात मुलाचं नाव पुकारल्यावर उत्तर आलं नाही की ते असे थांबायचे म्हणे. पिढ्यान्‌पिढ्या दुसऱ्यांची हजेरी लिहिली, आणि आता एका यादीत नाव लागणार तर ते असं.

"माझी बायको मालिका बघताना डुलक्या काढते," आजोबा म्हणाले. "मी त्या नोंदवतो. इतकंच आहे."

"सर, कोणीच असं करत नाही."

"मग इथे बसा आणि बघा. दोन वाजता."

स्वयंपाकघरात आजीनं सगळं ऐकलं होतं. तिनं बाहेर येऊन देवांशला फक्त इतकंच विचारलं, "जेवणार ना? दाल-बाफले करते."

ज्यानं बाफले खाल्ले नाहीत त्याच्यासाठी सांगते. कणकेचे गोळे आधी उकडतात, मग भाजतात, मग तुपात बुडवतात. बुडवतात म्हणजे पोहायला सोडतात. मग ते डाळीत कुस्करून खायचे, वर लाडू. माळव्यात बाफल्यांच्या जेवणानंतर कुणी कुणाला काही काम सांगत नाही. हे मुंबईच्या माणसाला कुठून ठाऊक असणार? "आजी, बास, बास" करत त्यानं चार खाल्ले. "एक अजून," आजी म्हणाली. "आमच्याकडे चारवर उठत नाहीत."

आजोबा आत येऊन हळूच म्हणाले, "कुमुद, हे तू मुद्दाम केलंस?"

"पाहुण्याला जेवू घालणं कुठल्या नियमात बसत नाही ते सांगा."

आजोबांना तसा नियम सापडला नाही.

दोन वाजता आजी आली. तिनं महेश्वरी साडी नेसली होती. अंबाड्यात गजरा. ती सोफ्यावर अशी बसली, की पाठ आणि सोफा यांत एक माणूस मावला असता. मालिका सुरू झाली. सनई लागली. आजीची मान तसूभर हलली नाही. डोळे सताड उघडे, नवरीला भीती वाटावी असे.

दहा मिनिटं. वीस मिनिटं. देवांश टॅब्लेटवर बघत होता: बटण दोन, आत. आत. आत.

आजोबा तिच्याकडे झुकले. "अगं, झोप ना जरा."

"परक्या माणसासमोर?" आजी ओठ न हलवता म्हणाली. "तोंड उघडं टाकून? मुळीच नाही."

"तुझ्या घोरण्यावर आज माझी अब्रू आहे, कुमुद."

"आणि न घोरण्यावर माझी."

मला राहवेना. आजीचं घोरणं मला येतं. आत जाताना शिट्टी, बाहेर येताना कुकर. मी आजोबांच्या कानात म्हटलं, "मी काढू का आवाज? पदराआडून आल्यासारखा. कुणाला कळणार नाही."

आजोबांनी माझ्याकडे अशा नजरेनं बघितलं, की शाम भियाला तिसऱ्या बाकावर काय वाटत असेल ते मला कळलं. "खोटी हजेरी नाही," ते म्हणाले, "आणि खोटी गैरहजेरीही नाही." आणि पुन्हा सरळ बसले. मला त्या वेळी राग आला. घर यादीत जाणार, आजी जागी, आणि हे सरळ बसून राहणार!

तेवढ्यात सनई पुन्हा लागली आणि खोलीत एक बारीक आवाज आला. घुर्र.

आजी नव्हती. देवांश होता.

त्याचं डोकं सोफ्याच्या पाठीवर गेलं होतं, टॅब्लेट पोटावर, तोंडाच्या कोपऱ्यात लाडवाचा एक कण. आजोबांनी क्षणभरही दवडला नाही. पाहुण्याचं बटण: पुरुष, एकोणतीस, बाहेर. धडाम! धडाम! धडाम! देवांश उसळला. "येस, येस, आय ॲम विथ यू." आजोबा: पाहुणा, आत. पुन्हा सनई. घुर्र. बाहेर. धडाम. "राइट, राइट." आत. आजी हे सगळं बघत होती आणि तिच्या चेहऱ्यावर मी तीन महिन्यांत पहिल्यांदा मालिकेचा खरा आनंद बघितला. फक्त ती टीव्हीकडे बघत नव्हती.

चार वाजता मालिका संपली. देवांशनं शर्ट सारखा केला आणि दुःखानं मान हलवली. "सर, सॉरी. आजी पूर्ण दोन तास जाग्या होत्या. एकदाही आउट नाही. मग मी एकेचाळीस कसे मानू?"

"पाहुण्याचं खातं उघडा," आजोबा म्हणाले.

त्यानं उघडलं. बोट वर सरकवत गेला. अकरा वेळा बाहेर, अकरा वेळा आत. समोर घड्याळाच्या वेळा, सेकंदांसकट.

"हा कोण?"

"तुम्ही."

"मी? सर, मी झोपलो नव्हतो! मी डोळे मिटून ऐकत होतो."

आजीनं हात जोडले. "घ्या. गेले तीन महिने मी वेगळं काय सांगत होते?"

देवांश ऐकेना. मग मी त्याचं घोरणं काढून दाखवलं, मधल्या "आय ॲम विथ यू"सकट, ओळीनं अकराही. ते खरं होतं, म्हणून आजोबांनी मला अडवलं नाही. सातव्याला देवांश हसायला लागला, नवव्याला त्यानं कान धरले. "मानलं सर. मानलं! एकेचाळीस पण मानले. मी रिपोर्टमध्ये 'क्लीन' लिहितो."

आजी पदर सावरत उठली. माझ्या मते गोष्ट इथे जिंकून संपली होती. पण आजोबा बसूनच होते.

"एक दुरुस्ती आहे," ते म्हणाले. "तीन वाजून पाच मिनिटांनी माझाही डोळा लागला. हिनं ढोसलं तेव्हा तीन वाजून नऊ झाले होते. तेवढा वेळ माझं बटण आत राहिलं आणि तुमचंही कुणी बघितलं नाही. ती चार मिनिटं खोटी आहेत. लिहून घ्या."

देवांशचं बोट टॅब्लेटवर थांबलं. "सर, हे लिहिलं तर रिपोर्ट क्लीन राहत नाही. वरचे पुन्हा प्रश्न काढतील. आणि कोणाला कळणार आहे?"

"मला कळलंय."

"सर, प्लीज. मी रिक्वेस्ट करतो. माझ्यावर सोडा."

"लिहा," आजोबा म्हणाले. "बटण एक. तीन पाच ते तीन नऊ. गैरहजर."

त्यांनी तो शब्द मंत्रपुष्पांजलीच्या आवाजात उच्चारला नाही. साध्याच आवाजात, वर्गात म्हणायचे तसा. मी तो आवाज नंतर खूपदा काढायचा प्रयत्न केला. नाही येत. सगळ्या जगाचे येतात, हा एक नाही येत. देवांशनं लिहिलं. खोलीत पंख्याचा आवाज होता आणि पलीकडच्या घरातून कुणीतरी घुटनों का दर्द सांगत होतं. आजी, जी गेली पन्नास वर्षं त्या दरबाराच्या गोष्टीची थट्टा करते, ती आत गेली आणि आजोबांसाठी चहा घेऊन आली. कप नेहमीचा नव्हता, पाहुण्यांचा होता.

देवांश निघाला, पाया पडला, चपला घालायला दाराशी गेला.

"अहो, थांबा," आजोबा म्हणाले.

तो परत आला आणि त्यानं स्वतःच्या हातानं स्वतःला बाहेर काढलं.

पंधरा दिवसांनी कंपनीचं पत्र आलं. आजोबांनी ते मला मोठ्यानं वाचायला सांगितलं, आणि मी वृत्तनिवेदिकेच्या आवाजात सुरू केलं तर म्हणाले, "साध्या आवाजात." पत्रात होतं, की तपासणीत आपल्या घरी कोणताही गैरप्रकार आढळला नाही. आपले घर कोणत्याही यादीत नाही. आपल्या नोंदी आमच्या सर्व घरांपेक्षा अचूक आहेत. तथापि इतर कोणत्याही घरात डुलक्या नोंदवल्या जात नसल्याने आपल्या नोंदींची तुलना कशाशीही करता येत नाही, सबब यंत्र काढून नेण्यात येत आहे.

म्हणजे बघा. बाकी सगळी घरं झोपेत टीव्ही बघताहेत आणि ते हिशेबात बरोबर बसतं. एका घरात खरं लिहिलं तर ते कुठेच बसत नाही. मी चिडले. आजोबा मुळीच चिडले नाहीत. "अचूक" हा शब्द त्यांनी मला तीनदा वाचायला लावला. डबी न्यायला माणूस आला तेव्हा ती त्यांनी पुसून, रिमोट वर ठेवून, दोन्ही हातांनी दिली.

आता गुपित संपलं होतं. आजोबा आधी अमिताकाकूंकडे गेले, वय विचारल्याबद्दल माफी मागितली आणि कारण सांगितलं. काकू म्हणाल्या, "एवढंच ना! एकोणपन्नास." आजोबांचा चेहरा पडला. तीन वर्षांची चूक, आणि सुधारायला डबी नाही. शाम भियाला बातमी कळली तसा तोही आला. तो इंटरव्यूचं बोलला नाही, दाराशी उभा राहून म्हणाला, "सर, कंपनी में फोन करके मैंने अपना नाम बता दिया." आजोबांनी त्याला आत बोलावून बसवलं. तो बसताना सवयीनं आजोबांचं बोट खुर्चीच्या हातावर टेकलं. पाहुणा, पुरुष, एकेचाळीस, आत.

अजूनही दुपारी दोनला सनई लागते. लग्न अजून व्हायचंय. आजी सोफ्यावर, आजोबा शेजारच्या खुर्चीत. परवा शाळेतून लवकर आले तर आजोबा तेच पत्र शामच्या आईला वाचून दाखवत होते. "एकेचाळीस," ते सांगत होते, "एका दुपारी एकेचाळीस, आणि एकही चुकली नाही."

आजीचे डोळे मिटलेले होते. मला वाटलं, झोपलीय. ती डोळे न उघडताच म्हणाली, "बेचाळीस."

"काय?"

"बेचाळीस झाल्या होत्या त्या दिवशी. एकदा तुम्ही चष्मा पुसत होतात. तेवढ्यात मी झोपून उठले. मला चांगलं आठवतंय."

टीव्हीवर धडाम झालं, कुणी दचकलं नाही. आजीनं आयुष्यात पहिल्यांदा कबूल केलं होतं की ती झोपते, आणि तेही शामच्या आईसमोर. आजोबा तिच्याकडे बघत राहिले. अगदी अभिमानानं बघत राहिले. मग त्यांनी पत्राची घडी घातली आणि माझ्याकडे वळले.

"कागद आण," ते म्हणाले. "कंपनीला कळवायला हवं."